होल्डवर ठेवलेली रुई

माझं काम खोट काढण्याचं. चाकणच्या एका कंपनीत मी बावीस वर्षं क्वालिटीत आहे आणि ती सवय आता पगाराबाहेरही लागू झाली आहे असं घरचे म्हणतात. नवऱ्याने आणलेली कोथिंबिरीची जुडी मी सोडून बघते. लग्नाला गेले तर मांडवाचा एक खांब तिरका आहे हे मला आधी दिसतं, नवरी कशी दिसतेय ते नंतर. भोसरीहून कंपनीची बस सुटली की मोशीपर्यंत बाकीच्या बायका डुलक्या काढतात, मी पुढच्या सीटच्या शिवणीतले सुटलेले टाके मोजत असते.

तर अशा बाईच्या ताब्यात कंपनीने जमिनीचा एक तुकडा दिला.

आमच्याकडे कंपाउंडच्या भिंतीलगतची जागा खात्याखात्यांत वाटलेली आहे. दर जूनला टेम्पोतून रोपं येतात, मोठे साहेब फावड्याला हात लावून फोटो काढतात, आणि पुढचं वर्षभर ज्याने त्याने आपला पट्टा हिरवा ठेवायचा. प्रॉडक्शनला गेटजवळचा पट्टा, तिथे लॉन आणि पाम. एचआरला कँटीनसमोरचा, तिथे गुलाब. क्वालिटीला भंगार यार्डच्या मागचा. खाली मुरूम, वर बांधकामातलं उरलेलं डबर, दिवसभर ऊन. क्वालिटीवाले कुणाचे लाडके नसतात, तेव्हा या वाटपात कुणाला काही वावगं वाटलं नाही.

पहिल्या वर्षी मी पाम लावले, मेले. दुसऱ्या वर्षी पिवळ्या पानांचं शोभेचं कुंपण लावलं, तेही गेलं. तिसऱ्या वर्षी ईर्ष्येने गुलाब आणले आणि कँटीनचं तांदूळ धुतलेलं पाणी स्वतः बादलीने नेऊन घातलं. गुलाबांनी दिवाळीसुद्धा पाहिली नाही. चौथ्या वर्षी मी रागाने तिकडे जायचंच सोडलं. पाऊस सरता सरता एकदा भंगाराचं वजन करायला मागे गेले तर पट्टा हिरवागार. त्यातलं एकही झाड मी लावलेलं नव्हतं. रुईची पाच झुडपं कमरेएवढी, टाकळा, आघाडा आणि भिंतीला टेकलेलं बाभळीचं एक पोर.

मी तिथेच उभी राहून विचार केला. माल पास करायचा तर तो ठरलेल्या अटींत बसला पाहिजे. इथल्या अटी कोणत्या, तर मुरूम, ऊन आणि पाण्याच्या नावाने शिमगा. या अटींत बसलेला माल समोर उभा होता, आणि मी मात्र तीन वर्षं बाहेरून नापास माल मागवत होते.

मग मला चेव चढला. माझी बहीण देहूरोडला राहते. तिच्याकडे गेले की मागच्या टेकडीवर फिरून तरवडाच्या वाळलेल्या शेंगा पर्समध्ये भरून आणायला लागले. निर्गुडीच्या काड्या खोचल्या, घरचा कढीपत्ता आणला. आपट्याची दोन रोपं घ्यायला नर्सरीत गेले आणि तिथल्या भाऊंना तीनदा विचारलं की हा आपटाच आहे ना, कांचन नाही ना. ते म्हणाले, "ताई, दसऱ्याला दोन्ही चालतं." मी म्हटलं, "मला दसऱ्याला नकोय, पट्ट्याला हवाय." ते माझ्याकडे बघत राहिले. असे बघणारे मला रोज भेटतात.

जानेवारीत एका सोमवारी पट्ट्यावर गेले तर सपाट. रुई बुंध्यापासून कापलेली, तरवडाची वीतभर रोपं गेलेली, निर्गुडीच्या काड्या चुलीला घातल्यासारख्या एका बाजूला रचलेल्या. हे काम माळीमामांचं. मामा इथल्याच जुन्या गावातले, साठीच्या पुढचे, कंत्राटदाराकडून कामाला. सकाळी सातला हजर, डोक्याला टॉवेल, हातात गवत कापायचं मशीन. बोलणं कमी. मी कंपनीत आले तेव्हापासून ते इथे आहेत आणि तेवढ्या वर्षांत आमचं संभाषण "नमस्कार ताई" आणि "काय मामा, बरं आहे ना" याच्या पुढे गेलेलं नव्हतं. त्या दिवशी मी "बरं आहे ना"सुद्धा म्हटलं नाही. मनातल्या मनात त्यांच्या नावावर लाल शिक्का मारला आणि आत निघून गेले.

रुई मात्र माझ्यापेक्षा चिवट. पाऊस पडला तशी दुप्पट फुटली. मी पुन्हा तरवड पेरला. ऑगस्टमध्ये बघते तर रुईच्या पानांना भोकं. आता भोक म्हणजे माझा प्रांत. जिथे नको तिथे पडलेलं भोक मला सहन होत नाही. पानं उलटून पाहिली, तर खाली पांढऱ्या, काळ्या, पिवळ्या पट्ट्यांच्या अळ्या निवांत चरत होत्या. मी हातमोजे घालून एकेक वेचली आणि नापास मालाच्या लाल डब्यात टाकली. चार दिवस हा कार्यक्रम रोज चहाच्या सुट्टीत चालला. पाचव्या दिवशी फोटो काढून लेकीला पाठवला, की बघ, तुझी आई किती कष्ट घेते. लेक कॉलेजला आहे, तिचं उत्तर एका मिनिटात आलं. "आई, ती फुलपाखरं आहेत. म्हणजे होणार आहेत. बिबळ्या कडवा. ती रुईच खातात. तू त्यांना कचऱ्यात टाकतेयस?"

मी धावत गेले. लाल डबा यार्डात रिकामा झालेला होता. फार वाईट वाटलं मला. माणसाने झाड राखावं, त्यावर पाहुणे यावेत, आणि त्यानेच त्यांना पानावरून उठवून बाहेर काढावं, तेही आपण नीटनेटके आहोत या अभिमानात.

त्यानंतर भोकं हा आमच्या पट्ट्याचा पास होण्याचा निकष झाला. जितकी भोकं जास्त तितका माल चांगला. क्वालिटीच्या बाईला हे पचवायला किती जड गेलं ते मीच जाणे. तरवडावर पिवळी चिमुकली फुलपाखरं आली, निर्गुडीवर भुंगे, बाभळीवर एक सनबर्ड. ऑक्टोबरात रुईच्या पानांखाली पहिला कोष लटकलेला दिसला. हिरवा, बोटाच्या पेरापेक्षा लहान, वरच्या बाजूला सोनेरी ठिपक्यांची ओळ. इतकं सफाईचं काम आमच्या कुठल्याच मशीनने कधी केलेलं नाही. आठवडाभरात अठरा कोष झाले. मी रोज मोजायचे.

आणि पुढच्याच सोमवारी ॲडमिनच्या साहेबांची मेल आली. गुरुवारी आणि शुक्रवारी कस्टमरचं ऑडिट. सगळे पट्टे स्वच्छ हवेत, शेवंतीच्या कुंड्या भाड्याने येत आहेत, भंगार यार्डच्या मागचं रान बुधवारपर्यंत काढून टाकावं.

रान म्हणजे आम्ही. लेकीच्या सांगण्याप्रमाणे कोष उघडायला अजून आठवडा लागणार होता. कापलं असतं तर अठरापैकी एकही उरला नसता. मी साहेबांकडे गेले. म्हटलं, आठवडाभर थांबा. ते म्हणाले, "मॅडम, वर्षानुवर्षं तुम्हीच आम्हाला स्वच्छतेचे मार्क देता. मागच्या महिन्यात माझ्या टेबलावर एक जास्तीचं पेन होतं म्हणून तुम्ही अर्धा मार्क कापला." हे खरं होतं. पेन दोन होती, पण मी एकाकडे दुर्लक्ष केलं होतं.

आता मामांना सांगता आलं असतं. कापणारे तेच. पण ज्या सप्लायरचा माल एकदा नापास झाला त्याच्यावर मी पुढे कायमची शंभर टक्के तपासणी लावते, त्याचं म्हणणं ऐकून घेत नाही. मामांनी एकदा कापलं होतं. ते पुन्हा कापणार, यात मला शंका नव्हती. म्हणून मी आयुष्यात केली नव्हती अशी गोष्ट केली.

क्वालिटीत तीन रंगांची कार्डं असतात. हिरवं म्हणजे माल चांगला, लाल म्हणजे बाद, आणि पिवळं म्हणजे होल्ड. होल्डचा माल कुणी हलवायचा नाही, वापरायचा नाही, फेकायचा नाही. प्लँट हेडसुद्धा त्याला हात लावत नाहीत. ज्याने सही केली त्यानेच ते कार्ड काढायचं, आणि आमच्याकडे ती सही माझी. बावीस वर्षांत मी खोट्यावर सही केलेली नाही. त्यापायी माझे किती शत्रू झाले ते मी मोजलेले नाहीत, पण रात्रपाळीचा माणूससुद्धा माझी सही बघितली की निर्धास्त माल पुढे पाठवतो, हे मला माहीत आहे आणि त्याचा मला गर्व आहे.

मंगळवारी सकाळी मी पाच पिवळी कार्डं घेतली आणि रुईच्या पाच झुडपांना प्लास्टिकच्या पट्ट्यांनी बांधली. पार्टच्या रकान्यात लिहिलं, "भिंतीलगतचा पट्टा." नग, अठरा. कारण, "प्रक्रिया अपूर्ण." खाली सही.

कार्डांनी मात्र चोख काम केलं. फोर्कलिफ्टवाला भाऊ मागे वळायचा ते लांबून वळायला लागला. स्टोअरच्या माणसाने मला बाजूला घेऊन विचारलं, "मॅडम, तिकडं काय लीकेज-बिकेज झालंय का?" ॲडमिनचे साहेब स्वतः आले, कार्ड वाचलं, दोन पावलं मागे सरकले आणि परत फिरले. मागे एकाने होल्डचा खोका हलवला होता, त्याला महिनाभर खुलासे लिहावे लागले होते. मामाही मशीन खांद्याला लावून आले, झुडपासमोर वाकून बराच वेळ बघत राहिले आणि निघून गेले. मी खिडकीतून हे पाहिलं आणि स्वतःवर खूष झाले. बुधवार संपला, पट्टा जागेवर.

ऑडिटर नावाचा माणूस पुढच्या दाराने येतो आणि थेट मागच्या अंगणात शिरतो, हे मी इतरांना नेहमी सांगते. स्वतःला सांगायला विसरले. गुरुवारी अकरा वाजता कस्टमरचे ऑडिटर, आमचे प्लँट हेड, ॲडमिनचे साहेब आणि मी, असे सगळे भंगार यार्डात होतो. ऑडिटर मराठीच, बारीक चणीचे, मृदू बोलणारे. मृदू बोलणाऱ्यांना मी जास्त घाबरते. त्यांना रुईवरचं पिवळं कार्ड दिसलं.

"हे कुणाचं?"

"माझं," मी म्हटलं.

त्यांनी वाकून वाचलं. "कुठली प्रक्रिया अपूर्ण आहे?"

"कोषातून फुलपाखरू बाहेर येण्याची."

ते हसले नाहीत. पान उलटून त्यांनी कोष पाहिला, नीट पाहिला. मग सरळ होऊन विचारलं, "होल्ड रजिस्टरला नोंद?"

नोंद नव्हती. त्या रजिस्टरला हात लावायची माझी छाती झाली नव्हती. आणि नोंद नसलेलं होल्ड कार्ड म्हणजे काय ते मीच नव्या मुलींना शिकवते. प्लँट हेड माझ्याकडे बघत होते. त्यांच्या चेहऱ्यावर भरवसा होता, की या बाईंनी केलंय म्हणजे काहीतरी कारण असणार. तो चेहरा बघून मला रडू यायचं बाकी होतं.

"नोंद नाही," मी म्हटलं. "कार्ड खोटं आहे. पट्टा कापू नये म्हणून मी लावलं."

ऑडिटर वहीत लिहायला लागले. मी बोलले दोन वाक्यं, ते लिहीत होते दहा. प्लँट हेड एवढंच म्हणाले, "तुम्ही?" त्यांनी आरडाओरडा केला असता तर बरं झालं असतं.

पाचही कार्डं तिथल्या तिथे मीच कापून काढली. ऑडिटर पुढे गेल्यावर ॲडमिनच्या साहेबांनी मामांना हाक मारली आणि माझ्यादेखत सांगितलं, आज संध्याकाळच्या आत हे साफ. मामा "व्हय" म्हणाले.

दुपारी तीनपर्यंत मी आत कागदपत्रं दाखवत होते. सुटका झाल्यावर मागे गेले, ते निदान दोन-चार कोष पानासकट डब्यात घालून घरी नेता आले तर बघावं म्हणून. मामा उकिडवे बसलेले होते. मशीन नव्हतं, हातात विळा. भिंतीच्या कडेचं गवत त्यांनी एका रेषेत कापलेलं होतं. समोर शेवंतीच्या कुंड्या दोन थरांत अशा लावल्या होत्या की रस्त्यावरून फक्त शेवंती दिसावी. कुंड्यांमागे रुई जशीच्या तशी.

मी विचारलं, "मामा, साहेबांनी सगळं काढायला सांगितलं ना?"

"व्हय. काढतोय की. आज गवात काढलं. बाकीचं सवडीनं." त्यांनी विळ्याच्या टोकाने पान अलगद उचललं. "ह्येच्यात जीव हाय, ताई. आता कापून कसं चालंल?"

"तुम्हाला माहीत होतं?"

"माहीत म्हंजे? आमची गुरं हितंच चरायची. ह्या रुईवरची बाळं बघतच मोठं झालो आमी."

मी म्हटलं, "म्हणजे ती पिवळी कार्डं बघून तुम्ही थांबला नव्हता?"

"कार्डं?" त्यांना आठवायला क्षणभर लागला. "त्या चिठ्ठ्या व्हय. त्या वाचल्या न्हाईत. चष्मा कुठं आणतो मी कामावर. तुमच्या कंपनीचं काय तरी आसंल म्हटलं."

बावीस वर्षांची सही मी ज्या माणसाला थोपवायला पणाला लावली होती, त्याने ती वाचलीच नव्हती. मला मामांचा राग आला, मग तो राग माझ्यावर उलटला. तरीही क्वालिटीच्या बाईने विचारलंच, "मग जानेवारीत का कापलं?"

"तवा झाडावर काय बी नव्हतं. आन् रुई कापली की जोमानं फुटती. तरवाड गेला त्ये चुकलं माझं. पर त्यो तुमी लावलाय ह्ये मला कोन बोललं?" मामा तक्रार करत नव्हते, विचारत होते. मग गवताचा भारा बांधता बांधता म्हणाले, "येक शबूद टाकायचा हुता, ताई."

"साहेब ओरडतील तुम्हाला," मी म्हटलं.

"वरडू द्यात. शिफ्ट सुटली की गप व्हत्यात."

मला लाज वाटली. खोट्या सहीची वाटली होती त्याहून जास्त. ती सही करताना निदान मला माहीत होतं की मी काय करतेय. या माणसाला मी इतकी वर्षं रोज बघत होते आणि एकदाही काही विचारलं नव्हतं.

शुक्रवारी पाहुण्यांनी शेवंतीकडे पाहिलं की नाही कोण जाणे. सोमवारी माझ्या नावाने लेखी समज आली आणि सोबत खुलाशाचा फॉर्म. आमच्याकडे चूक झाली की पाच वेळा "का" विचारायची पद्धत आहे, म्हणजे मूळ कारण हाती लागतं. कार्ड का लावलं? पट्टा कापला जाणार होता म्हणून. का? तसा आदेश होता म्हणून. आदेश आधी का बदलून घेतला नाही? माळ्याशी बोलले नाही, साहेबांना पटवू शकले नाही म्हणून. माळ्याशी का बोलले नाही? इथे माझं पेन अडलं. दुसऱ्यांचे असे फॉर्म मी "मूळ कारण सापडलेलं नाही" असा शेरा मारून शेकड्याने परत पाठवले आहेत. दोन दिवस तो रकाना कोरा राहिला. शेवटी सगळे लिहितात तेच लिहिलं, "संवादाचा अभाव." प्लँट हेडनी सही केली आणि कागद फाइलला गेला.

बुधवारी सकाळी नऊच्या सुमाराला मामा क्वालिटीच्या दाराशी आले. आत यायची त्यांना परवानगी नाही. ते पिवळ्या रेषेच्या बाहेर टॉवेल हातात धरून उभे राहिले. म्हणाले, "ताई, येक बाळ भाईर निघायलंय बगा." माझ्यासमोर ट्रकमध्ये चढायचा माल होता, त्यातले निम्मे नग मोजायचे राहिले होते. मी म्हटलं, "आलेच, दोन मिनिटं." क्वालिटीची दोन मिनिटं दीड तासाची झाली.

मी पोचले तेव्हा त्या पानाखाली फक्त रिकामं, पारदर्शक टरफल होतं. बाकीचे कोष अजून बंद होते. मामा शेजारी दगडावर बसलेले होते. त्यांनी उठून मला जागा दिली. मग कोष आधी कसा काळपट झाला, तो खालून कसा उकलला, ओले पंख चुरगाळलेल्या कागदासारखे होते ते कसे सरळ झाले, आणि ऊन लागल्यावर ते फुलपाखरू आधी बाभळीवर बसून मग भिंतीपलीकडे कसं गेलं, हे सगळं ते हाताने दाखवत सांगत गेले. स्वतः पाहिल्याशिवाय मी कुणाचा शब्द मानलेला नाही, मोजपट्टी लावल्याशिवाय तर नाहीच. त्या दिवशी मी दगडावर बसून मामांचं सगळं ऐकून घेतलं आणि एकही उलट प्रश्न विचारला नाही.